१७ जानेवारी १९२९ : पॉपायचे पदार्पण

१७ जानेवारी १९२९ रोजी अमेरिकी वृत्तपत्रांतील ‘थिम्बल थिएटर’ या चित्रमालिकेत पॉपाय हा खलाशी पहिल्यांदा झळकला. मालिकेतील ऑलिव्ह या पात्राचा भाऊ कॅस्टर जहाजासाठी माणूस शोधत असताना त्याला हा गडी सापडला. चित्रकार एल्झी सेगर यांनी त्याला एका कथानकापुरतेच आणले होते. वाचकांनी त्याला जाऊ दिले नाही.

मिटलेला एक डोळा, तोंडात चिलीम, कोपरापुढे टम्म फुगलेले हात आणि त्यांवर गोंदलेला नांगर. एवढ्या मोजक्या खुणांवर तो कुठेही ओळखू येतो, म्हणूनच माध्यम बदलले तरी तो टिकला. १९३३ मध्ये फ्लायशर स्टुडिओने त्याला पडद्यावर आणले. त्याला बळ देणारा पालकाचा डबा जगभर गाजला तो मुख्यतः या कार्टूनपटांमुळे. १९८० मध्ये रॉबर्ट ऑल्टमन यांच्या चित्रपटात रॉबिन विल्यम्स पॉपाय झाले. त्यासाठी माल्टात उभारलेले लाकडी गाव आजही पर्यटकांना खेचते.

सर्वांत विलक्षण ठसा मात्र त्याच्या गैरहजेरीने उमटवला. पॉपायचे हक्क मिळाले नाहीत, तेव्हा निन्टेंडोने १९८१ च्या ‘डाँकी काँग’ या व्हिडिओ गेमसाठी स्वतःची पात्रे घडवली. त्यांतल्याच एका उड्या मारणाऱ्या सुताराचा पुढे मारिओ झाला.