उत्तर ठाऊक असलेली तबकडी

काही वर्षांपूर्वी एका लेखात मी एका जुन्या स्टीरिओ तबकडीचे ध्वनिमुद्रण सदोष ठरवले होते. गायिकेचा आवाज समोरून न येता खोलीभर विखुरतो, डग्ग्याला वजन नाही, असे माझे म्हणणे होते. ते विधान मी येथे मागे घेतो.

पुढे जुन्या बाजारात एक चाचणी-तबकडी मिळाली. तिच्यात गाणे नाही. निवेदक आधी डाव्या, मग उजव्या स्पीकरमधून बोलतो. नंतर तोच आवाज दोनदा येतो: एकदा दोन्ही स्पीकरांच्या बरोबर मधोमध, एकदा मुद्दाम दिशाहीन केलेला. माझ्या घरी नेमके उलटे ऐकू आले. एका स्पीकरच्या तांबड्या-काळ्या तारा मीच उलट जोडल्या होत्या. एकाचा पडदा पुढे येई तेव्हा दुसऱ्याचा मागे जाई, आणि खर्जातले स्वर परस्परांना खाऊन टाकत.

या चाचणीचे मूळ शोधत मी ॲलन ब्लमलाइन या इंग्रज अभियंत्यापर्यंत पोचलो. बोलपटात नट पडद्याच्या एका कडेला आणि आवाज भलतीकडून, ही विसंगती त्याला खटकली, असे सांगतात. 14 डिसेंबर 1931 रोजी त्याने पेटंटसाठी अर्ज केला. एकाच खाचेच्या दोन भिंतींवर दोन वेगळे ध्वनी कोरण्याची कल्पना त्यात होती. 1958 च्या सुमारास बाजारात आलेल्या स्टीरिओ तबकड्या त्याच तत्त्वावर चालतात.

जानेवारी 1934 मध्ये ॲबी रोड स्टुडिओत टॉमस बीचम यांचा वाद्यवृंद त्याने या पद्धतीने मुद्रित केला. पण त्याआधी, डिसेंबर 1933 मध्ये, लंडनजवळच्या हेझ येथे ईएमआयच्या सभागृहात जे मुद्रण झाले, त्यात होती फक्त चालत चालत बोलणारी माणसे. 1935 मध्ये त्याने चित्रपटही केले, तेही असेच: रंगमंचावर फिरत बोलणारे सहकारी, हेझ स्थानकातून जाणाऱ्या आगगाड्या.

संगीत सोडून हे का? कारण माणूस कुठे उभा होता, गाडी कुठून कुठे गेली, हे आधीच ठाऊक असते. चुकले तर यंत्र चुकले, एवढे निश्चित सांगता येते. गायिका कुठे बसली होती, हे मला ठाऊक नव्हते; तरी मी निकाल दिला.

ब्लमलाइन 7 जून 1942 रोजी विमान अपघातात गेला. तेव्हाही तो चाचणीवरच होता, रडारच्या. वय अवघे 38. स्टीरिओ तबकडी घरोघर पोचलेली त्याने पाहिली नाही.

तारा सुलट करून ती जुनी तबकडी पुन्हा लावली. गायिका समोर, मधोमध बसली होती. डग्गा घुमत होता. आता कुठल्याही मुद्रणाविषयी लिहिण्याआधी मी त्या निवेदकाला एकदा बोलू देतो.