रसिकांची साक्ष

बोलपटांवरील परीक्षण म्हणजे रिकामपणाचा उद्योग, असा पुष्कळांचा समज आहे. परंतु अशा परीक्षणांचा एका माणसाच्या सुटकेस उपयोग झाल्याची हकीकत अमेरिकेच्या न्यायेतिहासांत नमूद आहे; ती वाचकांपुढें ठेवावी असें आम्हांस वाटतें.

इ. स. १९५८ मध्यें लुई माल या अवघ्या पंचवीस वर्षांच्या फ्रेंच दिग्दर्शकाचा ‘ले झामाँ’, म्हणजे ‘प्रेमिक’, हा बोलपट प्रसिद्ध झाला. दिजों येथील एका वृत्तपत्रमालकाची पत्नी पतीच्या उपेक्षेस कंटाळलेली असते. वाटेंत मोटार बिघडते, एका तरुण पुराणवस्तुसंशोधकाची गांठ पडते, आणि एका रात्रीच्या प्रणयानंतर ती घर, पति व लहान मुलगी सोडून त्याच्याबरोबर निघून जाते. ही भूमिका झान मोरो हिनें केली. व्हेनिसच्या महोत्सवांत या कृतीस पंचांचें विशेष पारितोषिक मिळालें. पण नीतिरक्षकांचा रोषही ओढवला. आमच्या मतें खरा सल शय्यागृहांत नव्हता, शेवटांत होता. एम्मा बोव्हारी विष घेते, ॲना कारेनिना आगगाडीखालीं जीव देते. या नायिकेस मात्र भय वाटतें, पण पश्चात्ताप होत नाहीं.

१९५९ च्या नोव्हेंबरांत ओहायो संस्थानांतील क्लीव्हलँड हाइट्स येथें हा बोलपट दाखविल्यावरून निको जाकोबेलिस या नाट्यगृह-व्यवस्थापकावर खटला झाला. ५०० व २,००० असा एकूण २,५०० डॉलर दंड, आणि तो न भरल्यास कैद, अशी शिक्षा झाली. २२ जून १९६४ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें सहा विरुद्ध तीन मतांनीं ती रद्द केली. न्यायमूर्ति ब्रेनन यांनीं दोन गोष्टी विशेष नोंदविल्या: आक्षेप जवळजवळ सर्वस्वीं अखेरच्या एका प्रसंगापुरता होता, आणि कांहीं पत्रांनीं निंदा केली असली तरी अनेकांनीं स्तुति केली होती, व निदान दोन मान्यवर टीकाकारांनीं त्या वर्षींच्या उत्कृष्ट बोलपटांत त्याची गणना केली होती. न्यायमूर्ति स्टुअर्ट यांनीं तर मोकळेपणानें लिहिलें कीं, अश्लीलतेची व्याख्या आपणांस कदाचित् साधणार नाहीं, पण ती पाहतांच ओळखूं येते. आणि हा बोलपट त्यांतला नव्हे.

हा कबुलीजबाब प्रामाणिक खरा, पण धोक्याचाही. प्रत्येकाची दृष्टि निराळी. सहा न्यायमूर्तींचा निर्णय एक झाला, पण कारणांविषयीं त्यांचें एकमत झालें नाहीं. जेथें कायद्याजवळ व्याख्या नाहीं, तेथें संपूर्ण कृति पाहून निर्भयपणें मत नोंदविणारा टीकाकार हाच साक्षीदार ठरतो. म्हणून आपल्या घरांत एखाद्या कृतीवर वाद माजेल तेव्हां, ती आपण आरंभापासून अखेरपर्यंत पाहिली काय, एवढें तरी प्रथम विचारावें.