चौदा वर्षे पाहणारा कॅमेरा

मंडळी, विजयादशमीच्या सुमारास आमच्या वाडीच्या नाक्यावर उभे राहून बघा. अमरावती रस्त्याने दीक्षाभूमीकडे निघालेल्या, माणसांनी भरलेल्या गाड्या येत असतात. हे दृश्य एका दिवसात कुणीही टिपील. पण १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात बाबासाहेबांनी धम्मदीक्षा घेतली, त्यानंतर या माणसांच्या घरात, बोलण्यात, गाण्यात काय पालटले, ते एका दिवसात कसे दिसावे? त्यासाठी पुन्हा पुन्हा जावे लागते.

असे पुन्हा पुन्हा जाणारे एक माहितीपटकार आपल्या महाराष्ट्रात आहेत. आनंद पटवर्धन त्यांचे नाव. मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जात होत्या, तेव्हा त्यांनी ‘हमारा शहर’ हा माहितीपट काढला. तो १९८५ सालचा. त्यात शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात. पुढे ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात १० माणसे मेली. त्यानंतर काही दिवसांतच घोगऱ्यांनी स्वतःचे जीवन संपवले.

वर्तमानपत्राचे काम अशा वेळी आठवड्याभरात आटोपते. पटवर्धनांचे काम तिथून सुरू झाले. ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला २०११ साली, म्हणजे चौदा वर्षांनी!

या काळात कॅमेऱ्याने काय पाहिले? कोर्टकचेरीची दिरंगाई पाहिली. आपल्या शेजारच्या भंडारा जिल्ह्यातले २००६ सालचे खैरलांजी हत्याकांड आणि त्यानंतरचा संताप पाहिला. पुण्याच्या कबीर कला मंचाची तरुण पोरे डफ घेऊन उभी राहिलेली पाहिली. भीमराव कर्डकांच्या काळापासून चालत आलेली जलशाची वाट नव्या गळ्यांतून कशी पुढे जाते, हे त्यात कळते. ज्यांना वाचता येत नव्हते, त्यांचा इतिहास गाण्यानेच सांभाळला.

कुणी म्हणेल, पाहणाऱ्याने तटस्थ असावे. खरे आहे, पण तटस्थ म्हणजे मुका नव्हे. पटवर्धन प्रश्न विचारतात आणि आपला आवाज लपवीत नाहीत. गॅसचे टँकर जमाव पेटवील म्हणून गोळ्या झाडल्या, असे पोलिसांचे म्हणणे होते. चित्रपट ते म्हणणे प्रत्यक्ष जागेशी ताडून पाहतो. शिवाय झालेला चित्रपट त्यांनी वस्त्यांमध्ये, चाळींमध्ये नेऊन दाखवला. ज्यांचे चित्रण केले, त्यांनाच आधी पारखू दिले.

गुरुजन हो, यासाठी कॅमेराच हवा असे नाही. शाळेत एक वही ठेवा. गावची विहीर, पाणवठा, पोळ्याचे तोरण, लग्नाची पंगत: कोण कुठे बसले, कोण बाहेर राहिले, ते मुलांना तारीख घालून लिहू द्या. दरवर्षी त्याच जागी पुन्हा जा. लिहिलेले गावाला वाचून दाखवा. गाव किती बदलले आणि किती नुसते बदलल्यासारखे दिसते, ते ही वहीच सांगेल.