माळवा, कोकण आणि समुद्रातले सुरुंग

इंदूरच्या मराठी घरांत मूळ गाव विचारले, तर कुणी कोकणातले नाव सांगतो, कुणी देशावरचे. पण घर कुठले म्हटले, की आम्हा सर्वांचे उत्तर एकच, माळवा. समुद्राशी आमचा संबंध सुट्टीतल्या सहलीपुरता. त्यामुळे 'माळवा' आणि 'कोकण' या नावांची दोन लढाऊ जहाजे एकेकाळी एकाच आरमारात होती, हे आमच्यापैकी थोड्यांनाच ठाऊक असेल.

दोन्ही जहाजे 'बँगर' वर्गातली माइनस्वीपर होती. माइनस्वीपर म्हणजे समुद्रातले पाणसुरुंग काढून इतर जहाजांसाठी वाट मोकळी करणारे जहाज. शत्रूच्या बंदरासमोर चोरून सुरुंग पेरले, की एकही तोफ न डागता बंदर बंद पाडता येते. मुंबईने हे पहिल्या महायुद्धातच अनुभवले होते. १९१७च्या फेब्रुवारीत 'वोल्फ' या जर्मन जहाजाने मुंबईसमोर सुरुंग पेरले आणि त्याच वर्षी २३ जूनला पी. अँड ओ. कंपनीची 'मंगोलिया' ही आगबोट त्यांपैकी एकावर आदळून बुडाली. पेरणारे जहाज तोवर कधीच दूर निघून गेले होते.

जुन्या पद्धतीचा सुरुंग तळाशी ठेवलेल्या वजनाला तारेने बांधलेला असे आणि पाण्याच्या पृष्ठभागाखाली तरंगत राही. माइनस्वीपर आपल्या मागे लांब पोलादी दोर सोडून पुढे जाई. दोर बाजूला ताणलेला राहावा म्हणून त्याच्या टोकाला फळ्यांची चौकट आणि तरंगता पिंप लावलेला असे. दोरावरच्या कात्रीने सुरुंगाची तार तुटली, की सुरुंग वर येई आणि मग तो गोळ्या झाडून बुडवीत किंवा फोडीत.

१९३९मध्ये जर्मनांनी चुंबकीय सुरुंग वापरायला सुरुवात केली. लोखंडी जहाज जवळून गेले तरी तो फुटे. त्यावर उपाय म्हणून दोन माइनस्वीपर बरोबरीने चालवून मागे तरंगत्या केबल सोडू लागले. केबलमधून ठरावीक वेळाने वीज सोडली, की सुरुंग जहाजाच्या मागे, सुरक्षित अंतरावर फुटे.

बँगर वर्गाची रचना युद्धाच्या घाईतली. जहाज छोटे, स्वस्त आणि साध्या गोदीतही बांधता येईल असे हवे होते. लांबी सुमारे ५५ मीटर, वेग ताशी १६ नॉट, म्हणजे अंदाजे ३० किलोमीटर. खलाशांना जागा अपुरी पडे आणि खवळलेल्या समुद्रात जहाज फार हेलकावे खाई. सुरुंग काढण्याइतकेच व्यापारी ताफ्यांना सोबत करण्याचे कामही या जहाजांकडे असे.

'कोकण' स्कॉटलंडमधील रेनफ्रूच्या गोदीत १९४२ साली पाण्यात उतरले. त्याचे ठरलेले नाव होते 'टिलबरी'. रॉयल इंडियन नेव्हीकडे आल्यावर ते 'कोकण' झाले. 'माळवा' मात्र इथले, कोलकात्यात बांधलेले.

मग फाळणी आली. रुपया-अडका, कचेऱ्या, रेल्वे यांच्या जोडीने आरमारही वाटले गेले. सोळा माइनस्वीपरपैकी बारा भारताकडे राहिली आणि चार पाकिस्तानकडे गेली: 'काठियावाड', 'बलुचिस्तान', 'अवध' आणि 'माळवा'. 'नर्मदा' आणि 'गोदावरी' ही दोन मोठी जहाजेही तिकडेच गेली. नर्मदेचे 'झेलम' झाले, गोदावरीचे 'सिंध' आणि माळव्याचे 'पेशावर'. परदेशात बांधलेले 'कोकण' भारतात राहिले आणि भारतात बांधलेले 'माळवा' परदेशी झाले. ज्यांनी हा हिशेब केला त्यांच्यापुढे जहाजांची यादी होती. नावांमागच्या भूमीचा विचार करायला वेळ कुणाला होता?

पुढे ब्रिटनकडून लाकडी सांगाड्याची माइनस्वीपर आली. लाकडामुळे चुंबकीय सुरुंगाचा धोका कमी होई. त्यांतल्या 'बॅसीन'चे नाव आमच्या ओळखीचे, म्हणजे चिमाजी अप्पांची वसई. १९७०च्या दशकाच्या अखेरीपासून सोव्हिएत रशियाकडून बारा मोठी माइनस्वीपर घेतली गेली. त्यांत 'रत्नागिरी' होते, आणि १९८८मध्ये 'कोकण' हे नाव पुन्हा आले. किनाऱ्याजवळच्या कामासाठी 'मालवण' होते. 'माळवा' हे नाव मात्र स्वतंत्र भारताच्या माइनस्वीपरवर पुन्हा आले नाही.

या घराण्यातले शेवटचे जहाज, 'कोझिकोड', १३ एप्रिल २०१९ला विशाखापट्टणम येथे निवृत्त झाले. तेव्हापासून आपल्या नौदलाकडे एकही माइनस्वीपर नाही. गोव्यात परदेशी सहकार्याने नवी जहाजे बांधण्याची योजना २०१८मध्ये रद्द झाली होती. जुलै २०२५मध्ये संरक्षण संपादन परिषदेने सुरुंगविरोधी जहाजांना प्राथमिक मान्यता दिली. पण मान्यतेपासून जहाज समुद्रात उतरेपर्यंत बरीच वर्षे जातात.

हा प्रश्न फक्त किनाऱ्यावरच्या लोकांचा आहे असे आम्हाला वाटत नाही. पीथमपूरच्या कारखान्यांतला माल कंटेनरमधून न्हावा-शेव्याला जातो आणि तिथून जगभर. आपल्या गाड्यांत जळणारे बहुतेक इंधन कच्च्या तेलाच्या रूपाने बंदरांतूनच देशात येते. बंदराच्या तोंडाशी दोन-चार सुरुंग पडले, तर त्याची झळ राजवाड्यापर्यंत पोहोचायला फार दिवस लागणार नाहीत.

नवी जहाजे लवकर व्हावीत, हे पहिले. आणि ती होतील तेव्हा एकाचे नाव 'कोकण' आणि दुसऱ्याचे 'माळवा' असावे, ही आम्हा इंदूरकरांची इच्छा. १९४७मध्ये वेगळी झालेली ही दोन नावे पुन्हा एका ताफ्यात आली, तर ज्यांची मुळे एकीकडे आणि घर दुसरीकडे आहे अशा आमच्यासारख्या माणसांना त्याचा आनंद काही वेगळाच असेल.

गणपती बाप्पा मोरया!