एका सर्वनामाचा अस्त

भाषेचा सामाजिक इतिहास शब्दसंग्रहावरून सांगण्याची रीत अभ्यासकांत रूढ आहे. इंग्रजीच्या बाबतीत तर १०६६ च्या नॉर्मन विजयानंतर फ्रेंचमधून आलेल्या शब्दांच्या याद्या विद्यार्थ्यांना पाठच असतात. मला मात्र आलेल्या शब्दांपेक्षा गेलेला एक शब्द अधिक बोलका वाटतो. तो म्हणजे ‘दाउ’, आपला ‘तू’.

प्राचीन इंग्रजीत हा भेद केवळ वचनाचा होता. एकाला एकवचन, अनेकांना अनेकवचन. राजाही त्याला अपवाद नव्हता. पुढे फ्रेंच दरबारी वळणाने, साधारण तेराव्या शतकापासून, वरिष्ठ व्यक्तीला ती एकटी असली तरी अनेकवचनाने संबोधणे शिष्टसंमत होऊ लागले. ही उतरंड मराठी वाचकाला समजावून सांगण्याची गरज नाही. १६०३ मध्ये सर वॉल्टर रॅले याच्यावरील राजद्रोहाच्या खटल्यात सरकारी पक्षाच्या एडवर्ड कोकने त्याला मुद्दाम ‘दाउ’ म्हटले, आणि आपण तसे म्हणत आहोत हे बजावूनही सांगितले. एका सर्वनामाने त्याने आरोपीची सारी प्रतिष्ठा उतरवली.

याच शब्दाला समतेचे शस्त्र केले ते क्वेकरांनी. सतराव्या शतकाच्या मध्यास जॉर्ज फॉक्सच्या अनुयायांनी न्यायाधीशापासून नोकरापर्यंत प्रत्येकाला ‘दाउ’ म्हणण्याचा नेम धरला. त्यापायी त्यांनी शिव्या सोसल्या, मारही खाल्ला. १६६० मध्ये फॉक्स व त्याच्या सहकाऱ्यांनी नाना भाषांतील एकवचन-अनेकवचनांचे दाखले देणारा एक ग्रंथच प्रसिद्ध केला. व्याकरणासाठी मार खाणारी माणसे इतिहासात फारशी आढळत नाहीत!

समता आली, पण उलट वाटेने. सगळे ‘दाउ’ झाले नाहीत. सगळेच ‘यू’ झाले. वाढत्या शहरांत समोरच्या अनोळखी माणसाची पायरी ओळखणे अवघड झाले, तेव्हा आदरार्थी रूप वापरणे अधिक सुरक्षित ठरले असावे, ही उपपत्ती मला पटते. सतराव्या शतकाच्या अखेरीस शिष्ट बोलीतून ‘दाउ’ जवळजवळ हद्दपार झाला. उत्तरेकडील बोलींनी त्याला पुढेही आसरा दिला. एकट्या माणसाशी बोलतानाही ‘यू’पुढे अनेकवचनी क्रियापद येते, ही त्या स्थित्यंतराची खूण आजही शिल्लक आहे. १७६२ मध्ये रॉबर्ट लाउथने आपल्या व्याकरणात, या ‘यू’ला एकवचनी क्रियापद जोडणाऱ्यांची कडक हजेरी घेतली.

आणखी एक गंमत घडली. विल्यम टिंडलच्या १५२६ च्या ‘नव्या करारा’च्या भाषांतरात व १६११ च्या बायबलमध्ये ईश्वराला ‘दाउ’ आहे, सैतानालाही ‘दाउ’च आहे, तिथे भेद फक्त वचनाचा. व्यवहारातून शब्द गेला, प्रार्थनेत उरला आणि पुढच्या पिढ्यांना तो आदरार्थी वाटू लागला. आपला वारकरी विठ्ठलाला ‘तू’ म्हणतो तेव्हा त्यातली सलगी मराठी कानाला कळते. इंग्रज भाविकाच्या कानाची ती ओळख पुसली गेली.

उणीव राहिलीच. अमेरिकेच्या दक्षिणेत, आयर्लंडमध्ये लोकांनी अनेकवचनासाठी नवी रूपे घडवली. आणि इंग्रजी कादंबरी मराठीत आणताना तिच्यातील दोन पात्रे कोणत्या पानावर ‘तुम्ही’वरून ‘तू’वर आली, हे अनुवादकाला स्वतःच ठरवावे लागते, मूळ संहितेतले सर्वनाम त्याला काहीच सांगत नाही.