लिंबावरील फुलपाखरू

पॅपिलिओनिडी कुलातील कीटक. शास्त्रीय नाव पॅपिलिओ डिमोलियस (लिनीअस, १७५८). काळ्या पंखांवर पिवळे ठिपके, मागील पंखावर विटकरी डाग; शेपटी नसते.  मादी लिंबाच्या कोवळ्या पालवीवर सुटी, पिवळसर अंडी घालते.

लहान अळी पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसते आणि शत्रूच्या नजरेतून सुटते. मोठी झाली की ती हिरवी होते. डिवचल्यास डोक्यामागून दुभंगलेला अवयव बाहेर काढून उग्र वास सोडते. कोष फांदीला रेशमी धाग्याने बांधलेला असतो. जीवनक्रम साधारण महिन्याभरात पुरा होतो.

राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने (स्थापना १९६८) कागदी लिंबाचे साई शरबती व फुले शरबती हे वाण दिले. राहुरीच्याच जिल्ह्यातील श्रीगोंदा तालुका लिंबासाठी प्रसिद्ध आहे. अशा भागात ही कीड नवीन नव्हे. खरे नुकसान रोपवाटिकेत व नव्या लागवडीत होते, कारण थोड्या अळ्याही रोप निष्पर्ण करतात. मोठ्या झाडाला सहसा फारसा धोका नसतो. तेथे फवारणीची घाई अनाठायी. रोपांवरील अळ्या वेचून रॉकेलमिश्रित पाण्यात टाकणे सर्वांत सोपे. ट्रायकोग्रामा गांधीलमाश्या अंडी नष्ट करतात.

कढीपत्ता, बेल व बावची यांवरही अळ्या वाढतात. मूळची आशियाई असलेली ही जाती २००४ मध्ये डोमिनिकन प्रजासत्ताकात आढळली आणि पुढे इतर कॅरिबियन बेटांवर पसरली.