चेऊलकरांचा डेव्हिड

१९५४ साली फिल्मफेअर पारितोषिके सुरू झाली तेव्हा ती पाचच होती: चित्रपट, दिग्दर्शक, अभिनेता, अभिनेत्री आणि संगीत दिग्दर्शक. दुसऱ्या वर्षी, म्हणजे १९५५ मध्ये, सहायक अभिनेता आणि सहायक अभिनेत्री अशी आणखी दोन पारितोषिके त्यांत आली. सहायक अभिनेत्रीचे पहिले पारितोषिक ‘बादबान’साठी उषा किरण यांना मिळाले. त्या मूळच्या उषा मराठे. त्यांची नोंद आपण अभिमानाने ठेवली आहे. सहायक अभिनेत्याचे पहिले पारितोषिक ‘बूट पॉलिश’साठी डेव्हिड यांना मिळाले. हेही पारितोषिक मराठी घरातच गेले, हे मात्र फारसे कुणाच्या लक्षात राहिले नाही. पडद्यावर नुसते ‘डेव्हिड’ एवढेच नाव येई. पूर्ण नाव होते डेव्हिड अब्राहम चेऊलकर.

आडनाव हा आपल्याकडे माणसाचा पत्ता असतो. आमच्या मलकापुरातून किंवा शेजारच्या कराडातून कुणी मुंबईला गेला की तिथे तो मलकापूरकर, कराडकर होतो. गाव सुटले तरी नावाला चिकटून राहते. चेऊल म्हणजे अलिबागजवळचे चौल, कोकण किनाऱ्यावरचे एके काळचे नामांकित बंदर. चेऊलकर हे बेने इस्रायली, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू. त्यांच्या परंपरेनुसार पूर्वज गलबत फुटून अलिबागजवळच्या नवगावच्या किनाऱ्याला लागले आणि त्यांतली सात जोडपी वाचली. पुढे ही मंडळी कोकणातल्या गावांत पसरली आणि तेलाचे घाणे चालवू लागली. शनिवारी काम बंद ठेवत, म्हणून गावकरी त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. पेणचे ते पेणकर, रोह्याचे ते रोहेकर, किहीमचे ते किहीमकर. घरात मराठी, बाजारात मराठी, प्रार्थनेत हिब्रू. ठाण्यात त्यांचे प्रार्थनामंदिर १८७९ मध्ये उभे राहिले. त्याच ठाण्यात १९०९ साली डेव्हिड जन्मले.

म्हणजे हा माणूस एका अर्थाने शेकडो वर्षांपूर्वी आलेल्या परदेशस्थांचा वंशज आणि दुसऱ्या अर्थाने अस्सल कोकणी. अशा माणसाला चित्रपटसृष्टी कोणत्या भूमिका देते? मला या लेखात याच प्रश्नाचा माग घ्यायचा आहे. त्यासाठी थोडे हॉलिवूडकडे पाहावे लागेल, कारण परक्या माणसाचे पडद्यावर काय करायचे हा प्रश्न तिथल्या स्टुडिओंना आधी पडला होता.

सुरुवातीचे हॉलिवूड बरेचसे स्थलांतरितांनीच उभे केले. मूकपटात उच्चारांची अडचण नव्हती. चेहरा आणि अंगविक्षेप पुरत. १९२७ नंतर पडदा बोलू लागला आणि जिभेवरचा देश लपवणे अशक्य झाले. अभिनयाचे पहिले ऑस्कर मिळवणारे एमिल यानिंग्ज जर्मनीला परत गेले. जे राहिले, त्यांचा उच्चार हेच त्यांचे नशीब ठरले. हंगेरीच्या बेला लुगोसींना १९३१ च्या ‘ड्रॅक्युला’ने कीर्ती दिली आणि त्याच साच्यात अडकवलेही. स्वीडनमध्ये जन्मलेले वॉर्नर ओलंड सोळा चित्रपटांत चार्ली चॅन हा चिनी गुप्तहेर झाले. स्वीडिश माणूस चिनी म्हणून चालतो, कारण दोघेही ‘बाहेरचे’, असा तो हिशेब होता.

यांत मला डेव्हिड यांच्या सर्वांत जवळचे वाटतात ते जीन हर्शोल्ट. १८८६ मध्ये कोपनहेगनला जन्मलेला हा डॅनिश नट १९१३ च्या सुमारास अमेरिकेत आला. एरिक फॉन स्ट्रोहाइम यांच्या ‘ग्रीड’ (१९२४) या चित्रपटात त्यांनी मत्सराने पोखरलेला मार्कस रंगवला. त्याचा शेवटचा प्रसंग भर उन्हाळ्यात डेथ व्हॅलीच्या वाळवंटात चित्रित झाला होता. बोलपट आल्यावर मात्र त्यांचा परका उच्चार प्रेमळ ठरवला गेला. १९३७ मध्ये ‘हायडी’त ते शर्ली टेंपलचे आजोबा झाले. त्याच वर्षी रेडिओवर ‘डॉक्टर ख्रिश्चन’ ही मालिका सुरू झाली आणि १९५४ पर्यंत ते अमेरिकेच्या घराघरांतले डॉक्टर राहिले. मत्सरी मार्कसचा असा सर्वांचा आजोबा झाला.

१९३७ हे साल ध्यानात ठेवण्याजोगे आहे. त्याच वर्षी म्हैसूरकडच्या साबूचा ‘एलिफंट बॉय’ आला. माहुताचा हा मुलगा पुढे हॉलिवूडला गेला, अमेरिकेचा नागरिक झाला, महायुद्धात बॉम्बफेकी विमानावर लढला. परंतु स्टुडिओंच्या लेखी तो कायम जंगलातला पोरगाच राहिला. पोरगा मोठा झाला तेव्हा त्याच्यासाठी भूमिका उरल्या नाहीत. १९६३ मध्ये, चाळिशीही गाठण्याआधी, तो गेला. आणि त्याच १९३७ मध्ये मुंबईत मोहन भवनानी यांच्या ‘झांबो’ चित्रपटातून डेव्हिड यांनी पडद्यावर पाऊल ठेवले.

ते हौशी म्हणून आले नव्हते. १९३० साली बी.ए. होऊनही त्यांना पाच-सहा वर्षे धड नोकरी मिळाली नव्हती. जागतिक मंदीचा तो काळ. नायमपल्ली या चरित्र अभिनेत्याच्या ओळखीने चित्रपटात शिरकाव झाला. पुढे त्यांनी कायद्याची पदवीही घेतली, पण पोट भरले ते अभिनयानेच. ठेंगणी, गोलसर अंगकाठी, लवकर पडलेले टक्कल, मिस्कील डोळे. नायकाची भूमिका कुणी देणार नव्हते आणि खलनायक म्हणून कुणी घाबरले नसते. उरतो तो चरित्र अभिनेता. बॉम्बे टॉकीजच्या ‘नया संसार’पासून (१९४१) त्यांचे बस्तान बसत गेले आणि चार दशकांत शंभरावर चित्रपट झाले.

‘चरित्र अभिनेता’ हा शब्द मोठा गमतीचा आहे. इंग्रजी ‘कॅरेक्टर’चा तो ढोबळ तर्जुमा. मराठीत चरित्र म्हणजे जीवनकथा. आणि नेमकी तीच या नटांची कधी लिहिली जात नाही. पडद्यावरही त्यांच्या पात्राला मागची-पुढची कथा नसते. नायकाला सल्ला द्यायचा, नायिकेच्या बापाला समजवायचे, लग्न जुळवायचे आणि शेवटच्या चित्रात कडेला उभे राहायचे. हॉलिवूडनेही १९३७ मध्ये सहायक नटांना ऑस्कर द्यायला सुरुवात केली तेव्हा पहिली काही वर्षे त्यांना पुतळा दिलाच नाही. एका फळीवर समाधान मानावे लागले.

अशा कडेच्या जागेवरून ‘बूट पॉलिश’ने डेव्हिड यांना मध्यभागी आणले. राज कपूर यांची निर्मिती, दिग्दर्शन प्रकाश अरोरा यांचे. आईबापाविना उरलेली भोला आणि बेलू ही दोन भावंडे. त्यांना मारूनमुटकून भीक मागायला लावणारी चुलती. आणि वस्तीतला लंगडा जॉन चाचा. मुंबई इलाख्यात १९४९ च्या कायद्याने दारूबंदी कडक झाली होती आणि जॉन चाचा चोरटी दारू विकतो. ख्रिस्ती माणूस आणि दारू ही जोडी हिंदी चित्रपटांनी पुढे इतकी वापरली की त्या समाजाला ती नकोशी झाली. इथे मात्र हाच कायदा मोडणारा माणूस पोरांना सांगतो की भीक मागू नका, हात कामासाठी आहेत. दोघे पै-पै जमवून पॉलिशची डबी आणि ब्रश घेतात. चाचा तुरुंगात जातो. तिथे मन्ना डे यांच्या आवाजात तो ढगाला साद घालतो, आणि बाहेर पावसामुळे बुटांना पॉलिश करून घेणारे गिऱ्हाईकच उरत नाही. पोरे उपाशी राहतात.

या लेखाच्या निमित्ताने मी हा चित्रपट पुन्हा पाहिला. चाचाचा उपदेश पोकळ वाटत नाही, याचे श्रेय माझ्या मते नटाला आहे. उपदेश करताना डेव्हिड आवाज चढवत नाहीत. स्वतःला न पाळता आलेले पोरांना सांगत असल्याची थोडी शरम त्यांच्या नजरेत सतत असते. पडद्यावरच्या अनेक सज्जन म्हाताऱ्यांत आणि या चाचात फरक पडतो तो इथे.

त्यानंतर ते चाचा, अंकल, भैया, मामा होत राहिले. ‘चुपके चुपके’त (१९७५) हरिपद भैया, ‘गोलमाल’मध्ये (१९७९) नोकरीचा कानमंत्र देणारे डॉक्टर केदार, ‘खट्टा मीठा’त (१९७८) पारशी मंडळींतले एक, ‘बातों बातों में’त (१९७९) लोकल गाडीत लग्न जुळवणारे वांद्र्याकडचे टॉम अंकल. हृषीकेश मुखर्जी आणि बासू चटर्जी यांच्या मध्यमवर्गीय मुंबईत ते कोणत्याही घरात सहज शिरत. कारण उघड आहे. ख्रिस्ती, पारशी, बंगाली, उत्तर भारतीय, कुणीही त्यांना आपला म्हणू शकत होते. नुसत्या ‘डेव्हिड’ या नावावरून प्रेक्षक त्यांना ख्रिस्तीच समजत. लुगोसींचे मूळ आडनाव ब्लास्को. त्यांनी आपल्या लुगोस या जन्मगावाचे नाव मुद्दाम धारण केले. इथे उलट झाले. चौलचे नाव गळून पडले आणि त्या बदल्यात सगळी गावे मिळाली.

हे एकट्या डेव्हिड यांचे झाले नाही. ‘आलम आरा’ (१९३१) या आपल्या पहिल्या बोलपटामागचे नाटक लिहिले जोसेफ डेव्हिड यांनी. तेही बेने इस्रायली, आडनाव पेणकर. चित्रपटाच्या इतिहासात ते बहुधा ‘जोसेफ डेव्हिड’ एवढेच असतात, पेण गायब. हिंदी पडद्यावर ज्यू माणूस आला तो ‘यहुदी’तल्या (१९५८) एझ्रासारखा, प्राचीन रोममधला, उर्दू बोलणारा, आणि तो रंगवला सोहराब मोदी या पारशी नटाने. तेलाचा घाणा चालवणारा, मराठीत भांडणारा, शुक्रवारी संध्याकाळी दिवा लावणारा कोकणातला शनवार तेली मात्र माझ्या पाहण्यातल्या एकाही हिंदी चित्रपटात नाही. ती भूमिका करू शकणारा नट चाळीस वर्षे तिथेच उभा होता.

लालबत्ती, रंगमंच आणि ध्वनिक्षेपक मात्र त्यांना आपल्या नावाने ओळखत. समारंभांचे सूत्रसंचालन ही त्यांची दुसरी कारकीर्द. हजरजबाबी, नर्मविनोदी, बोलण्याची मर्यादा सांभाळणारे. १९६९ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. हर्शोल्टही असेच चित्रपटसृष्टीचे वडीलधारे झाले होते. अठरा वर्षे त्यांनी गरजू कलावंतांच्या मदतनिधीचे अध्यक्षपद सांभाळले, अकादमीचे अध्यक्ष झाले, अँडरसनच्या परीकथा डॅनिशमधून इंग्रजीत आणल्या. परक्याला घरात मान हवा असेल तर त्याला सर्वांची सेवा करावी लागते, असे या दोघांकडे पाहून वाटते. फरक एवढाच की हर्शोल्ट यांनी आपली भाषा आणि आपला अँडरसन सोबत नेला. रेडिओवरच्या डॉक्टरचे ‘ख्रिश्चन’ हे नावही हान्स ख्रिश्चन अँडरसनवरूनच घेतले. अमेरिकेने त्यांचे डेन्मार्क स्वीकारले. आपण डेव्हिड यांच्याकडून चौल मागितलेच नाही.

तोवर चौलही रिकामे होत होते. विसाव्या शतकाच्या मध्यावर बेने इस्रायलींची वस्ती वीस हजारांच्या आसपास होती. १९४८ नंतर बहुतेक इस्रायलला गेले. आज भारतात काही हजार उरले आहेत. तिकडे त्यांनी मराठी टिकवली, ‘मायबोली’ नावाचे नियतकालिक काढले. डेव्हिड मुंबईतच राहिले. अगदी उतारवयात ते कॅनडात टोरोंटोला गेले आणि १९८० च्या दशकाच्या आरंभी तिथेच वारले. आयुष्यभर मायदेशात बाहेरच्याच्या भूमिका केलेला हा माणूस शेवटी खरोखरच परदेशस्थ झाला.

मराठी माणसाने हिंदी पडद्यावर काय केले याचा हिशेब मांडताना आपण दुर्गा खोटे, ललिता पवार, लीला चिटणीस, नाना पळशीकर अशी नावे घेतो. ‘अनाडी’त ललिताबाईंनी मिसेस डिसा केली तरी त्या आपल्याच राहिल्या, कारण आडनाव पवार होते. त्या यादीत डेव्हिड यांचे नाव घालायला नवा पुरावा शोधावा लागत नाही. ते पूर्ण लिहावे, एवढे पुरे: डेव्हिड अब्राहम चेऊलकर, मुक्काम ठाणे, मूळ गाव चौल.